मुद्दाम फाडलेल्या सोया दुधाची गोष्ट

घरी पहिल्यांदा हे खाऱ्या सोया दुधाचं सूप केलं तेव्हा आई म्हणाली, अगं नासलंय ते, ओतून दे. तिचं काय चुकलं म्हणा, आपल्याकडे सकाळी दूध फाटलं की अख्ख्या घराचा मूड जातो, आणि इथे तर ते मुद्दाम फाडायचं असतं. बाऊलच्या तळाशी चमचाभर व्हिनेगर, थोडा सोया सॉस, कांद्याची पात, मोहरीच्या देठाचं खारं लोणचं बारीक चिरून, चिमूटभर सुकट, आणि त्यावर बिनसाखरेचं उकळतं सोया दूध जरा उंचावरून ओतायचं, ढवळायचं अजिबात नाही. मिनिटभरात पातळ खरवसासारख्या मऊ गुठळ्या धरतात. आंबटपणामुळे सोयातलं प्रोटीन गोळा होतं, बस. वर तिखट तेल आणि यौथ्याओचे, म्हणजे मैद्याच्या लांब तळलेल्या काड्यांचे, तुकडे. चिनीत याला म्हणतात श्येन दौज्यांग, खारं सोया दूध.

आता हे नेटवर बऱ्याच ठिकाणी 'तैवानी ब्रेकफास्ट' म्हणून फिरतं, पण मूळ समुद्रापलीकडचं, शांघाय आणि आसपासच्या भागातलं. सोया दूध मुळात टोफू करताना मधल्या पायरीवर मिळणारी गोष्ट, त्यामुळे टोफूवाल्याकडे सकाळी ते गरम तयार असायचंच. १८६६ साली पॉल शाँपियाँ नावाच्या फ्रेंच माणसाने लिहून ठेवलंय की चिनी लोक आपापला कप घेऊन टोफूच्या दुकानात जातात आणि नाश्त्याला हे दूध पितात (आपल्याकडे किटली घेऊन डेअरीवर जायचे तसंच की). शांघायमध्ये तर नाश्त्याच्या चार पदार्थांना देवळाच्या दारातल्या चार द्वारपालांचं नाव आहे, भाजलेली रोटी, यौथ्याओ, चिकट भाताचा गोळा आणि सोया दूध.

मग १९४९. चीनमधलं यादवी युद्ध कम्युनिस्टांकडून हरल्यावर च्यांग काय-शेकच्या सरकारसोबत दहा लाखांहून जास्त माणसं तैवानला गेली, सैनिक, कारकून, बायकापोरं, सगळ्या प्रांतांतली. परत जाऊ म्हणता म्हणता तिथेच राहिली आणि पोटासाठी काही जणांनी नाश्त्याच्या गाड्या टाकल्या. राजधानी तैपेईमधून पूल ओलांडला की योंगहे हे उपनगर लागतं, तिथे १९५५ मध्ये सुरू झालेलं एक दुकान इतकं चाललं की 'योंगहे' म्हणजेच सोया दूध असं समीकरण झालं. गंमत म्हणजे ते चालवणारे उत्तर चीनकडचे, आणि सूप शांघायकडचं. निर्वासितांच्या वस्तीत अशी सरमिसळ होतेच.

पण नुसत्या सोयाबीनवर हा नाश्ता उभा राहत नाही, सोबतच्या रोटीला न् यौथ्याओला गहू लागतो आणि तैवान पडलं भात खाणारं बेट. तो गहू आला अमेरिकन मदतीतून. १९५४ च्या पीएल-४८० कायद्याखाली अमेरिका जादा धान्य बाहेर पाठवत होती, तेच धान्य ज्याच्या लाल गव्हाच्या पोळ्यांना आपल्या आजीआजोबांनी रेशनच्या रांगेतून येऊन नावं ठेवली! म्हणजे एकाच कायद्याच्या गव्हाच्या इकडे वातड पोळ्या झाल्या आणि तिकडे कुरकुरीत यौथ्याओ.

रात्रभर दुकानं उघडी राहायची सवय बेसबॉलने लावली असं तिकडे सांगतात. १९६९ पासून तैवानची पोरं अमेरिकेत लिटल लीग या पोरांच्या बेसबॉल स्पर्धेचं जगज्जेतेपद जिंकायला लागली, मॅच अमेरिकेच्या वेळेनुसार म्हणजे तैवानमध्ये मध्यरात्री, अख्खं बेट टीव्हीसमोर जागं आणि मॅच संपली की सगळे भुकेले, मग काय, चला सोया दूध प्यायला.

आणि १९९५ मध्ये तैवानी लोकांनीच शांघायमध्ये सोया दूध आणि यौथ्याओची फास्टफूड चेन काढली. नाव काय, तर योंगहे किंग. शांघायच्या माणसाला त्याच्याच घरचा नाश्ता तैपेईच्या एका उपनगराच्या नावाने विकला, आणि तो चाललाही.