नायकाचे मूल केवळ ओलीस नसते

नागपुरात सीताबर्डीवर चित्रपट पाहून परतणाऱ्यांच्या गप्पांत वर्षानुवर्षे एक समज ऐकू येतो, की सुपरहिरोच्या चित्रपटात नायकाचे मूल खलनायकाने पळवून न्यावे आणि नायकाने सोडवून आणावे एवढ्यापुरतेच असते. हा समज पूर्णपणे निराधार नाही. २०१५च्या ‘अँट-मॅन’चा शेवट मुलीवरील संकटावरच बेतलेला आहे. मात्र त्यावरून नियम काढणे चूक ठरते.

आपल्याकडच्या ‘क्रिश’मध्ये (२००६) तर उलटेच घडते: कैदेत बाप रोहित असतो आणि त्याला सोडवतो मुलगा कृष्णा, ज्याला शक्ती वारशाने मिळाली आहे. ‘द इन्क्रेडिबल्स’मध्ये (२००४) खलनायकाने जखडून ठेवलेल्या आईवडिलांची सुटका मुलगी व्हायोलेट आपल्या शक्तीने करते. ‘लोगन’मधली (२०१७) लॉरा नायकाच्या जनुकांपासून निर्माण झालेली असून, अखेरीस त्याच्या प्रतिरूपाला तीच ठार करते. अजिंक्य वाटणाऱ्या नायकाला गमावण्यासारखे काही असावे, म्हणून मूल कथेत येते हे खरेच. परंतु नायक थकला वा मेला तरी कथा पुढे नेणारा वारसही तेच असते, आणि माझ्या मते पटकथाकाराला हा दुसरा उपयोग अधिक मोलाचा वाटत असावा.