टपालखात्याचे पैसे, फिल्मवरचे ओरखडे

१९३५ साली ब्रिटिश टपालखात्याला स्वस्त पार्सलसेवेची जाहिरात करायची होती. खात्याच्या फिल्म युनिटचे प्रमुख जॉन ग्रिअर्सन यांनी त्यासाठी लेन लाय या न्यूझीलंडच्या कलावंताची 'अ कलर बॉक्स' ही छोटी फिल्म घेतली. तिच्यात ना गोष्ट, ना पात्रं. कॅमेराही नाही, लाय यांनी फिल्मच्या पट्टीवरच थेट रंग लावले होते. क्यूबन नाचाच्या संगीतावर रेघा-ठिपके थिरकतात आणि शेवटी पार्सलचे दर झळकतात.

ओळखीच्या वस्तू वा पात्रं न दाखवता नुसत्या रंग-रेषांवर चालणाऱ्या अशा अमूर्त अॅनिमेशनला पुढची वीसेक वर्षं आधार मिळाला तो बराचसा अशाच सरकारी पैशातून. हॉलीवूडला ते मानवलं नाही. जर्मनीतून तिथे गेलेले ऑस्कर फिशिंगर डिस्नेच्या 'फँटेशिया'साठी बाखच्या संगीतावर आकृत्या रचत होते. त्या इतक्या बदलल्या गेल्या की ते काम सोडून निघाले.

ग्रिअर्सन पुढे कॅनडाच्या राष्ट्रीय फिल्म बोर्डाचे प्रमुख झाले आणि १९४१ मध्ये त्यांनी नॉर्मन मॅक्लॅरन या स्कॉटिश अॅनिमेटरला बोलावून घेतलं. सुरुवातीला कामं युद्धबचतीच्या प्रचाराची. कस लागला तो १९४९ च्या 'बिगॉन डल केअर'मध्ये. मॅक्लॅरन आणि एव्हलिन लॅम्बार्ट यांनी ऑस्कर पीटरसनच्या जॅझवर ही फिल्म रंगवली. एरवी अॅनिमेशन म्हणजे सेकंदाला २४ चौकटींचा (फ्रेम्सचा) हिशेब. इथे चौकटींच्या सीमा बहुतेक ठिकाणी धाब्यावर बसवून रंग पट्टीभर सलग फासला. ओल्या रंगावर बसलेली धूळही कामी आली! मधल्या संथ भागात मात्र काळ्या फिल्मवर फक्त उभ्या रेघा खरवडलेल्या आहेत, आणि माझ्या मते सगळ्यात धीट भाग तोच. मॅक्लॅरन यांच्याच 'ब्लिंकिटी ब्लँक'ने १९५५ मध्ये कान महोत्सवात लघुपटाचं सर्वोच्च पारितोषिक मिळवलं. तिच्यात तर कितीतरी चौकटी कोऱ्याच सोडल्या आहेत.

मुंबईत हा प्रकार उशिरा आला, तोही चित्रकाराच्या हातून आणि पुन्हा शिष्यवृत्तीच्या पैशातून. नेहरू फेलोशिप मिळाल्यावर अकबर पदमसी यांनी रेषांची 'सिझिजी' ही मूक फिल्म १९७० च्या सुमारास केली. त्यांच्या दुसऱ्या फिल्मची तर एकच प्रिंट होती, आणि तीही हरवली.