जुन्या गेमचे फोल्डर आणि ‘हरवलेला’ खेळ
विंडोजवर जुना गेम ‘प्रोग्राम फाइल्स’ या फोल्डरमध्येच असतो आणि सेव्ह केलेला खेळ तिथे दिसला नाही म्हणजे तो पुसला गेला, हा समज वर्षानुवर्षे फिरत असला तरी खरा नाही. ६४-बिट विंडोजवर ३२-बिट गेम सहसा ‘प्रोग्राम फाइल्स (एक्स८६)’मध्ये जातात. खरी गोम पुढे आहे. विंडोजच्या व्हिस्टा आवृत्तीपासून, अ‍ॅडमिनिस्ट्रेटरच्या अधिकाराविना चालणाऱ्या जुन्या गेमने या संरक्षित जागेत काही लिहू पाहिले, तर विंडोज ते परस्पर वापरकर्त्याच्या ‘अ‍ॅपडेटा’ फोल्डरातील ‘लोकल’मधल्या ‘व्हर्च्युअलस्टोअर’कडे वळवू शकते आणि गेमला मात्र फाइल मूळ जागीच असल्याचे भासवते. त्यातून ‘अ‍ॅपडेटा’ लपवलेले, त्यामुळे शोधणाऱ्याचीही फसगत होते. गेमचे मूळ फोल्डर हवे असल्यास त्याच्या शॉर्टकटवर राइट-क्लिक करून ‘ओपन फाइल लोकेशन’ निवडावे. स्टीम या गेम विकणाऱ्या अ‍ॅपमधून घेतलेल्या गेमसाठी स्टीममधीलच ‘ब्राउझ लोकल फाइल्स’ वापरावे.