मानवी यातनांचं छायाचित्रण (नैतिक प्रश्न)

युद्ध, दुष्काळ, अपघातात सापडलेल्या माणसाचा फोटो काढावा का, छापावा का, आणि त्याला स्वतःला कुणी विचारलं का, या प्रश्नांची ही चर्चा. ती कॅमेरा रणांगणावर पोचल्यापासूनची, म्हणजे साधारण १८५०च्या दशकापासूनची मानतात.

मृतदेह दाखवणाऱ्या अगदी जुन्या युद्धफोटोंत छायाचित्रकार फेलिस बिआतोचा लखनौच्या सिकंदर बागेचा फोटो धरतात. उठावातली तिथली लढाई नोव्हेंबर १८५७ची, बिआतो तिथे पोचला १८५८मध्ये, बहुधा मार्चच्या सुमारास, तरी पडक्या इमारतीपुढे हाडं आणि कवट्या विखुरलेल्या दिसतात, मागे काही जिवंत माणसं आणि एक घोडा. मग हाडं तोवर तशीच पडून होती की फोटोसाठी उकरली? जॉर्ज कॅम्पबेल या ब्रिटिश अधिकाऱ्याच्या आठवणींवरून ती मुद्दाम उघडी केली असं दिसतं, काही अभ्यासकांना एवढा पुरावा पुरेसा वाटत नाही, पण इतके महिने गेलेले बघता मांडणी झाली असावी हेच मत जास्त पटतं. आणि तसं असेल तर मेलेल्यांची ही दुसऱ्यांदा केलेली विटंबनाच म्हणायला हवी. अमेरिकी यादवी युद्धातल्या गेटिसबर्गच्या लढाईनंतर अलेक्झांडर गार्डनरने काढलेल्या (१८६३) फोटोबद्दल एवढा वाद उरलेला नाही, तिथे सैनिकाचं प्रेत उचलून दुसरीकडे नेऊन ठेवलं होतं हे बहुतेक सगळे मान्य करतात.

संमतीचा प्रश्न वेगळा. अमेरिकी छायाचित्रकार डोरोथिया लँगने १९३६मध्ये कॅलिफोर्नियात जिचा फोटो काढला त्या स्थलांतरित आईचं नावसुद्धा नोंदलं नाही. फ्लॉरेन्स ओवेन्स थॉम्पसन हे नाव लोकांना कळलं १९७८मध्ये, आणि त्या फोटोतून आपल्याला काहीच मिळालं नाही असं ती सांगत होती. छायाचित्रकार केविन कार्टरच्या सुदानमधल्या (१९९३), उपाशी मूल आणि मागे बसलेलं गिधाड दाखवणाऱ्या फोटोनंतर वाचकांनी त्या मुलाचं पुढे काय झालं हे विचारून तो छापणाऱ्या न्यूयॉर्क टाइम्सला भंडावलं, गिधाड हाकलल्यावर मूल पुढे चालू लागलं पण अन्नवाटप केंद्रावर पोचलं का ते माहीत नाही, असा खुलासा छापावा लागला.

असे फोटो सारखे बघून मन बधिर होतं असं अमेरिकी लेखिका सुसान सोंटॅगने १९७७मध्ये मांडलं, २००३मध्ये तिने स्वतःच त्यावर शंका घेतली, आणि तिचं नंतरचं म्हणणंच जास्त विचारात घेण्यासारखं आहे.

नियम त्रोटक आहेत. १९४९च्या तिसऱ्या जिनिव्हा कराराच्या कलम १३ने युद्धकैद्यांना लोकांच्या कुतूहलापासून संरक्षण दिलंय, फोटोही त्यात येतात असा अर्थ आता लावतात.