गोदीने घडवलेली मुंबई

मुंबईच्या स्थापत्याचा विषय निघाला की चर्चा बहुधा ओव्हल मैदानाभोवतीच फिरते. एका बाजूला गॉथिक शैलीच्या इमारती, समोर १९३०च्या दशकातल्या आर्ट डेको शैलीच्या. २०१८ साली युनेस्कोने दोन्हींना जागतिक वारशाचा दर्जा दिला, तो रास्तच आहे. पण त्यामागचा पैसा आला तो पूर्व किनाऱ्यावरच्या बंदरातून, आणि तिकडे फारसं कोणी पाहत नाही.

१८६१ ते १८६५ अमेरिकेत यादवी युद्ध चाललं आणि इंग्लंडमधल्या लँकेशायरच्या कापडगिरण्यांना तिथला कापूस मिळेनासा झाला. मुंबईच्या कापसाचं सोनं झालं. याच वर्षांत गव्हर्नर बार्टल फ्रिअरने किल्ल्याचा तट पाडायला घेतला. मोकळ्या झालेल्या जागेवर पुढे सचिवालय, विद्यापीठ, हायकोर्ट अशी रांग उभी राहिली. राजाबाई टॉवरला देणगी दिली कापसाचे व्यापारी प्रेमचंद रायचंद यांनी, आईच्या नावाने. युद्ध संपताच बाजार कोसळला, पेढ्या बुडाल्या, तरी बांधकामं थांबली नाहीत.

१८६९मध्ये सुएझ कालवा खुला झाला आणि बंदराला नवं बळ आलं. १८७५मध्ये ससून डॉक, १८८०मध्ये प्रिन्सेस डॉक, मग व्हिक्टोरिया आणि १९१४मध्ये अलेक्झांड्रा, म्हणजे आजची इंदिरा गोदी. ती खणताना निघालेल्या मातीच्या भरावावर बॅलार्ड इस्टेट वसली. तिचा आराखडा गेटवे ऑफ इंडियाचा वास्तुकार जॉर्ज विटेट याचा. एका उंचीच्या, एका वळणाच्या दगडी इमारती. सबंध फोर्टमध्ये इतका आखीव भाग दुसरा नाही, असं माझं ठाम मत आहे.

कोकणातला चाकरमानी बोटीने भाऊच्या धक्क्याला उतरायचा आणि गिरणगावातल्या चाळीत बिऱ्हाड थाटायचा. चाळींचं शहरही असं बंदरातूनच आलं.

१४ एप्रिल १९४४ रोजी व्हिक्टोरिया गोदीत दारूगोळा आणि कापूस भरलेल्या ‘फोर्ट स्टिकीन’ जहाजाचा स्फोट झाला. आग विझवताना अग्निशमन दलाचे ६६ जवान गेले. देशभर अग्निशमन दिन त्यांच्या स्मरणार्थ पाळतात.

१९८९मध्ये न्हावा-शेवा बंदर सुरू झालं, कंटेनर खाडीपलीकडे गेले आणि इथली गोदामं ओस पडू लागली. प्रिन्सेस आणि व्हिक्टोरिया गोद्या तर बुजवल्याच गेल्या. आता पूर्व किनाऱ्याच्या पुनर्विकासाची चर्चा आहे. जमिनीचा भाव ठरण्याआधी उरलेल्या जुन्या गोदामांची आणि धक्क्यांची वारसा म्हणून नोंद व्हायला हवी.