कटरला धार लावत नाहीत

बेळगाव, खानापूर, निपाणी, चिकोडी या भागातल्या मराठी घरांत भाजी चिरायची ती इळीवर. पुस्तकात विळी लिहितात, पण बोलताना इथं 'व' फारसा कुणी लावत नाही. शेजारची कानडी बाई तिलाच ईळिगे म्हणते आणि घाट उतरून मालवणी मुलखात गेलं की तिचा आडाळो होतो. नाव कुठलंही असो, इळीबरोबर तिची निगाही घरात चालत आली. काम झालं की पातं पुसून पाटावर मुडपायचं. जांबोटी-कणकुंबीच्या अंगाला पाऊस लागला की पात्यावर खोबरेल तेलाचं बोट फिरवायचं. धार गेली की दारावर येणाऱ्या धारवाल्याकडे द्यायची. पुढे स्टीलच्या सुऱ्या आल्या, ओट्यापाशी उभ्यानं चिरणं सुरू झालं आणि तेलाचं बोट मागं पडलं.

कागद-खोकी कापायचा, पातं सरकवून बाहेर काढायचा कटर मात्र या घराण्यातला नाही. 1956 साली, म्हणजे बेळगाव जिल्हा मुंबई राज्यातून म्हैसूर राज्यात गेला त्याच वर्षी, जपानमधल्या ओसाका शहरात छापखान्यात काम करणाऱ्या एकानं तो घडवला. कागद कापताना ब्लेडचं फक्त टोक बोथट व्हायचं, बाकीचं ब्लेड वाया जायचं. जोडे करणारे कारागीर काचेचा तुकडा बोथट झाला की फोडून नवी धार काढत. चॉकलेटची वडी खाचेवर सरळ मोडते. या दोन गोष्टी त्यानं एकत्र आणल्या आणि पात्यावर तिरप्या खाचा पाडल्या: बोथट टोक खाचेवर मोडलं की पुढची नवी धार हाताशी. आज दुकानात मिळणारी 9 आणि 18 मिलिमीटर रुंदीची पाती त्याच कल्पनेची आहेत.

घोळ झाला तो नावात. उद्यमबागेतल्या कारखान्यात कटर म्हणजे यंत्राला बसवायचं हत्यार, शेतात गवत कापायचं यंत्रही कटरच. दुकानात नुसतं 'कटर द्या' म्हटलं की 'कसला?' असा प्रश्न येतो. मग घरात सोपा शब्द रुळला: चाकू. तो मराठीत चालतो, कानडीतही चालतो. पण चाकू म्हटलं की त्याला धार लावायची, जपून वापरायचा, मोडायचा तर नाहीच, हे सगळं आपोआप आलं. माझ्या मते कटरनं होणाऱ्या बऱ्याच जखमांचं मूळ या एका शब्दात आहे.

आमच्या घरातच धाकट्या भावानं बोथट कटर कपाच्या बुडावर घासला होता, जशी आई सुरी घासायची तसा. मग खोक्यावरच्या चिकटपट्टीवर जोर दिला. पातं पट्टीवरून सटकलं आणि डाव्या अंगठ्याच्या पेरात घुसलं. तीन टाके पडले. बोथट पात्याला जोर लागतो आणि जोर लावला की हात आवरत नाही. त्यात पातं सुरीसारखं लांब बाहेर काढलेलं असेल तर भलत्याच खाचेवर तुटून उडतं.

पातं मोडावं की नाही, यावर घराघरांत अजून वाद आहे. मोडणं म्हणजे नासाडी, असं जुन्या माणसांना वाटतं. त्यांची काटकसर खरी आहे, पण ते पातं मोडण्यासाठीच केलेलं आहे. एकच तुकडा बाहेर काढायचा, खटका घट्ट करायचा, तुकडा पकडीत धरायचा आणि टोक आपल्यापासून लांब ठेवून खाचेवर वाकवायचा. मुठीमागं खाचेचं टोपण असेल तर तेही याच कामाचं. कापताना दुसरा हात पात्याच्या वाटेत नको.

मोडलेल्या तुकड्यांचं काय, हे कुणी सांगितलंच नाही. घनकचऱ्याच्या 2016 च्या नियमांत घरातल्या वापरलेल्या सुया घातक कचऱ्यात मोजल्या, ब्लेडचं मात्र नाव नव्हतं. पिशवीत टाकलेला तुकडा कचरा उचलणाऱ्याच्या तळहातात जातो.

खंडेनवमीला इळी, कोयता, पहार, पकड सगळं घासूनपुसून पाटावर मांडतात, हळदकुंकू वाहतात. त्या निमित्तानं वर्षातून एकदा तरी प्रत्येक हत्याराची मूठ सैल आहे का, पातं गंजलंय का, हे बघितलं जातं. कटर त्या पाटावर कधी येत नाही. तो टीव्हीखालच्या खणात, पेनं आणि जुन्या रिमोटमध्ये, पातं अर्धं बाहेर अशा अवस्थेत असतो. भावाला टाके पडले त्या वर्षी आईनं तो काढला, गंजलेला तुकडा मोडायला लावला आणि इळीशेजारी मांडला. तुकड्यांसाठी बामची रिकामी डबी ठेवली आहे. भरली की वरून चिकटपट्टी गुंडाळून भंगारवाल्याच्या हातात, आत काय आहे ते सांगून देतो.