गोल्डन ग्लोब रेस

गोल्डन ग्लोब रेस म्हणजे एकट्या माणसाने शिडाच्या बोटीतून, मधे कुठल्याच बंदराला न लागता आणि कोणाचीही मदत न घेता अख्ख्या पृथ्वीला चक्कर मारायची शर्यत. पहिली १९६८-६९ ला झाली, मग जवळपास पन्नास वर्षं काहीच नाही, आणि २०१८ पासून दर चार वर्षांनी परत सुरू झालीये. आपल्याकडे हे नाव भारतीय नौदलातल्या अभिलाष टॉमीमुळे कानावर आलं, पण मुंबईचा संबंध त्याच्याही खूप आधीचा आहे, कारण पहिली रेस जिंकलेली बोट बनली होती आपल्या मुंबईत.

१९६७ ला फ्रान्सिस चिचेस्टर एकटा जग फिरून इंग्लंडला परतला. तो फक्त सिडनीला थांबला होता, त्यामुळे आता न थांबता कोण जाणार हा एकच प्रश्न उरला. बरेच जण आपापले तयारीला लागलेच होते, ते बघून संडे टाइम्स या ब्रिटिश वर्तमानपत्राने सरळ रेसच जाहीर करून टाकली. १ जून ते ३१ ऑक्टोबर १९६८ मधे कधीही निघा, केप ऑफ गुड होप, ऑस्ट्रेलियाचं केप लीविन आणि केप हॉर्न या तिघांना वळसा घालून परत या. निघायच्या तारखा वेगवेगळ्या म्हणून बक्षिसं दोन, सगळ्यात आधी पोचणाऱ्याला गोल्डन ग्लोब आणि सगळ्यात कमी दिवसात येणाऱ्याला ५,००० पाउंड. बोट चालवता येते का हे मात्र कोणी तपासलं नाही. भाग घेणाऱ्यांपैकी चे ब्लाइथला तर निघताना शिडाचं जवळपास काहीच येत नव्हतं!

नऊ जण निघाले आणि एकच पोचला, रॉबिन नॉक्स-जॉन्स्टन. हा मर्चंट नेव्हीतला ऑफिसर, मुंबईला पोस्टिंग असताना त्याने ३२ फुटी ‘सुहैली’ बांधून घेतली, सगळी सागवानी आणि इथल्या सुतारांनी जुन्या पद्धतीने हातानेच केलेली. १९६४ ला ती पाण्यात उतरली. सुहैली हे इराणच्या आखातातल्या आग्नेय वाऱ्याचं नाव. बोट दणकट, पण स्पीडच्या नावाने बोंब. वाटेत लाटेने केबिन हलली, टाकीतलं पाणी खराब झालं म्हणून पावसाचं पाणी धरावं लागलं, रेडिओ गेला, आपोआप दिशा धरणारं यंत्र तुटलं. न्यूझीलंडनंतर काही महिने त्याचा पत्ताच नव्हता, लोकांना वाटलं गेला बहुतेक. २२ एप्रिल १९६९ ला, ३१२ दिवसांनी तो जिथून निघाला होता त्या इंग्लंडच्या फाल्मथला आला. कस्टमवाल्यांनी नेहमीसारखं विचारलं, कुठून आलात? हा म्हणाला, फाल्मथ.

फ्रान्सचा बर्नार्ड म्वातेसिए केप हॉर्न पार करून घरच्या वाटेला लागला होता, जिंकायची चांगली संधी होती, आणि त्याने बोट वळवली. केपटाउनजवळ एका जहाजावर बेचकीने चिठ्ठी मारली की मी समुद्रावर सुखी आहे, आणि सरळ ताहितीला गेला.

डोनाल्ड क्राउहर्स्टची गोष्ट मात्र वाचवत नाही. बोट अर्धवट तयार असताना हा शेवटच्या दिवशी, ३१ ऑक्टोबरला निघाला. रेस सोडली तर बोट स्वतः विकत घ्यायची असा पैसे लावणाऱ्याशी करार, म्हणजे परतलं तर दिवाळं आणि पुढे गेलं तर बोट फुटणार. मग तो अटलांटिकमधेच घुटमळत राहिला आणि रेडिओवरून खोटी ठिकाणं कळवत राहिला. शेवटी हळूच मागून यायचं, म्हणजे प्रवासाच्या नोंदींची वही कोणी बारकाईने बघणार नाही, असा हिशोब. पण हा मागे लागलाय या समजुतीने दुसरा स्पर्धक नायजेल टेटलीने आपली खिळखिळी झालेली बोट दामटली आणि ती अटलांटिकमधल्या अझोर्स बेटांजवळ बुडाली. टेटली वाचला, पण आता वेगाचं बक्षीस क्राउहर्स्टच्याच गळ्यात पडणार होतं, म्हणजे वही तपासली जाणारच. १ जुलैला वहीत शेवटची नोंद, १० जुलैला रिकामी बोट सापडली. ५,००० पाउंड मग नॉक्स-जॉन्स्टनला मिळाले आणि त्याने ते क्राउहर्स्टच्या कुटुंबाला देऊन टाकले.

२०१८ ला ऑस्ट्रेलियाच्या डॉन मॅकिंटायरने रेस परत काढली, फ्रान्सच्या ले साब्ल दोलोनहून. बोटी जुन्या डिझाइनच्या, जीपीएस सीलबंद डब्यात, आपण कुठे आहोत ते सेक्स्टंटने, म्हणजे सूर्य-ताऱ्यांचा कोन मोजायच्या यंत्राने काढायचं, गाणी ऐकायची तर कॅसेटवर. गंमत म्हणजे घरी बसलेल्या लोकांना सगळ्यांचे ठिपके मॅपवर दिसतात, फक्त बोटीतल्यालाच दिसत नाहीत. ७३ वर्षांचा जाँ-लुक व्हान डेन हीड जिंकला. टॉमीची बोट ‘थुरिया’ म्हणजे सुहैलीचीच प्रतिकृती, गोव्यात बांधलेली. २१ सप्टेंबर २०१८ ला दक्षिण हिंदी महासागरातल्या वादळात तिची डोलकाठी मोडली, टॉमीच्या पाठीच्या मणक्याला मार लागला, हलता येईना. तीन दिवसांनी ‘ओसिरिस’ या फ्रेंच जहाजाने त्याला उचललं. नंतर मणक्यात टायटॅनियमच्या सळ्या घालाव्या लागल्या.

हाच माणूस २०२२ ला ‘बायानात’ नावाची बोट घेऊन परत उभा राहिला. त्या वेळी दक्षिण आफ्रिकेच्या कर्स्टन नॉयशेफरने, वाटेत बोट बुडालेल्या तापियो लेहतिनेनला वाचवूनही, २७ एप्रिल २०२३ ला पहिला नंबर काढला. ही रेस जिंकणारी ती पहिली बाई. टॉमी २९ एप्रिलला दुसरा आला, आणि मुख्य गटात, म्हणजे मधे कुठेही न थांबलेल्यांत, त्यांच्यानंतर फक्त एकच बोट पोचली.